चितळकर हजर! : सी. रामचंद्रांवरच्या ५२ मिनिटांच्या माहितीपटाच्या प्रकल्प नोंदी

३ जून
वाहिनीने तासाचा स्लॉट दिला आहे. जाहिराती वजा जाता हाती ५२ मिनिटं, तीन ब्रेक, म्हणजे चार तुकडे. विषय सी. रामचंद्र, अर्थात रामचंद्र नरहर चितळकर, सगळ्या इंडस्ट्रीचे अण्णा. जन्म पुणतांब्याचा, १२ जानेवारी १९१८. मृत्यू मुंबईत, ५ जानेवारी १९८२.

वाहिनीला 'हलकंफुलकं' हवं आहे. ते करायचं आहेच, पण एक गोष्ट पहिल्या बैठकीतच कागदावर आली: विनोद वरून चिकटवायचा नाही. अण्णांच्या गाण्यातली गंमत वाद्याच्या जागेत असते, शिट्टीत असते, निरर्थक शब्दाच्या उच्चारात असते. कॅमेऱ्याने ती जागा दाखवायची. निवेदकाने डोळा मारायची गरज नाही. गाण्याशी नातं नसलेली कुठलीही क्लृप्ती संकलनात उडणार, कितीही खर्च झालेला असो.

मुख्य गाणी: 'शहनाई' (१९४७) मधलं शिट्टीचं 'आना मेरी जान संडे के संडे', 'पतंगा' (१९४९) मधलं 'मेरे पिया गये रंगून', 'अलबेला' (१९५१) मधली तीन, 'अनारकली' (१९५३) मधलं एक, 'आशा' (१९५७) मधलं 'ईना मीना डीका', 'नवरंग' (१९५९) मधली होळी आणि मराठीतलं 'घरकुल' (१९७०).

६ जून
हक्कांचा तक्ता. शूटिंगच्या आधी हाच करावा. कुठलं गाणं किती सेकंद वापरता येईल हे कळल्याशिवाय पटकथा लिहिणं म्हणजे वाळूवर रेघा.

आपल्या कायद्यात चित्रपट आणि ध्वनिमुद्रण यांचा हक्क प्रकाशनाच्या पुढच्या वर्षाच्या सुरुवातीपासून ६० वर्षं. म्हणून 'अलबेला'चा २०११ अखेर संपला, 'आशा'चा २०१७ अखेर, 'नवरंग'चा २०१९ अखेर. 'घरकुल' मात्र २०३० अखेरपर्यंत हक्कात आहे, त्याच्या प्रत्येक फ्रेमसाठी परवानगी लागेल.

इथेच बहुतेकांचा घोळ होतो. 'तबकडी जुनी, म्हणजे गाणं मोकळं' असं धरलं जातं. चाल आणि शब्द या वेगळ्या कृती आहेत आणि त्यांची मुदत कर्त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. अण्णा गेले १९८२ साली, म्हणजे चाली २०४२ अखेरपर्यंत हक्कात. 'अलबेला'चे गीतकार राजेंद्र कृष्ण गेले १९८७ साली, त्यांचे शब्द २०४७ अखेरपर्यंत. त्यामुळे १९५१ची तबकडी वाजवली तरी चालीचे आणि शब्दांचे पैसे द्यायचे आहेत. बँड बसवून गाणं नव्याने वाजवलं तरीही द्यायचे आहेत.

तक्त्यात प्रत्येक गाण्यासमोर चार रकाने केले: चित्र, ध्वनी, चाल, शब्द. चारही हिरवे झाल्याशिवाय गाणं टाइमलाइनवर जाणार नाही.

१४ जून
७८च्या, म्हणजे मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या, तबकड्या डिजिटल करणं सुरू. एकूण अकरा, सगळ्या १० इंची, त्यातल्या दोन तडकलेल्या.

धुणं: डिस्टिल्ड पाणी, लिटरला साध्या द्रव साबणाचे तीन-चार थेंब, मऊ ब्रश, खोबणीच्या दिशेने. लेबल कोरडं राहिलं पाहिजे. स्पिरिट किंवा अल्कोहोल असलेलं काहीही चालणार नाही, लाखेची तबकडी त्यात विरघळते. विनाइलसाठी मिळणाऱ्या बऱ्याच क्लीनरमध्ये ते असतं, बाटलीवरचं वाचून घ्यावं. पावसाळ्यात तबकड्या उभ्या ठेवून पंख्याखाली रात्रभर वाळवायच्या. ओल्या पाकिटात घातल्या की आठवड्यात बुरशी.

सुई: एलपीची सुई वापरू नये. तिचं टोक साधारण ०.७ मिल (मिल म्हणजे इंचाचा हजारावा भाग), ७८ची खोबण ३ मिलच्या सुईसाठी. बारीक सुई खोबणीच्या तळाशी घासत जाते आणि तळाचा सगळा कचरा ऐकवते.

इक्वलायझेशन: हल्लीच्या प्रीॲम्पमधला आरआयएए कर्व्ह (एलपीसाठी ठरलेलं बारीक-जाड स्वरांचं प्रमाण) या तबकड्यांना लागू नाही. त्यातून वाजवलं तर १० किलोहर्ट्झला जवळजवळ १४ डेसिबल उतरतात आणि गाणं गोधडीखालून आल्यासारखं वाटतं. सिग्नल सपाट घ्यायचा, कर्व्ह नंतर कानाने लावायचा.

आवाज साफ करण्याचा क्रम: आधी टिकटिक काढायची, मग इक्वलायझर, शेवटी खरखर, तीही ६ डेसिबलच्या वर नाही. फिल्टर आधी लावला तर प्रत्येक टिक पसरते आणि मग सॉफ्टवेअरला ती टिक म्हणून ओळखताच येत नाही. खरखर पूर्ण काढायचा मोह आवरावा. संडेच्या गाण्यात शिट्टीआधीची फुंकर त्याच पट्ट्यात आहे. खरखर गेली की फुंकरही जाते, उरते ती एक बारीक इलेक्ट्रॉनिक रेघ. ओठ गेले, शिट्टी राहिली, असं होतं.

२१ जून
चित्रपटाची मिळालेली प्रत आणि तबकडी एकमेकांना लावली, स्वर जुळेना. प्रत अर्ध्या स्वराच्या जवळपास पाऊण भागाने वर.

कारण नेहमीचंच. चित्रपट सेकंदाला २४ फ्रेमचा, आपलं टीव्ही २५चं. कुणीतरी पूर्वी टीव्हीसाठी प्रत काढताना २४ फ्रेम सरळ २५ने पळवल्या. वेग ४.१७ टक्के वाढला, स्वर सुमारे ७१ सेंट वर चढला (१०० सेंट म्हणजे अर्धा स्वर, पेटीवरची शेजारची पट्टी). ३ मिनिटं २० सेकंदांचं गाणं ३ मिनिटं १२ सेकंदांत उरकतं. लताबाईंचा आवाज बारीक होतो आणि भगवानदादा घाईत नाचतात. पिढ्यान् पिढ्या अनेकांनी 'अलबेला' टीव्हीवर असाच पाहिला असणार.

उपाय: ध्वनीचा वेग ९६ टक्के, चित्र परत २४वर नेऊन मग २५च्या टाइमलाइनवर. यात दर २४ फ्रेमनंतर एक फ्रेम दोनदा येते, हात वेगाने हलताना बारीक अडखळ दिसते. नाचात ती खपत नाही. म्हणून जिथे नाच मुख्य तिथे चित्र २५नेच ठेवायचं, ध्वनीही २५चाच घ्यायचा, फक्त स्वर ७१ सेंट खाली आणायचा. जिथे गायकी मुख्य तिथे वेग मूळचा. दोन पद्धती एका गाण्यात मिसळू नयेत.

तबकडीचा वेगही तपासला. ५० हर्ट्झच्या दिव्याखाली ७७ रेघांची स्ट्रोब चकती स्थिर दिसली की वेग ७७.९२. आपल्याकडे हाच बरोबर. ९२ रेघांची चकती ६० हर्ट्झच्या देशांची, ती इथे वापरू नये.

२८ जून
पुणतांबे. दौंड–मनमाड मार्गावरचं स्टेशन, गोदावरी, चांगदेवांचं मंदिर. अर्ध्या दिवसात आठ शॉट. पाऊस थांबून थांबून होता, त्यामुळे घाटाच्या ओल्या पायऱ्यांवर प्रकाश सुरेख मिळाला. स्टेशनच्या पाटीचा शॉट सुरुवातीला आणि तबकडीवर फिरणाऱ्या लेबलाचा लगेच नंतर.

५ ते ९ जुलै
फिरत्या चित्रांची चकती. या प्रकल्पातली सगळ्यात लाडकी गोष्ट, म्हणून सविस्तर.

कल्पना अशी: तबकडीवर कागदी चकती ठेवायची, तिच्या कडेने भगवानदादांच्या नाचाच्या पवित्र्यांची चित्रं. नुसत्या डोळ्यांना ती फिरताना धुरकट पट्टा दिसते, कॅमेऱ्यातून पाहिलं की दादा जागेवर नाचायला लागतात. कॅमेऱ्याच्या दोन फ्रेमच्या मधल्या वेळात चकती बरोबर एका चित्राइतकी पुढे सरकली पाहिजे, म्हणजे झालं.

हिशोब: २५ फ्रेम गुणिले ६० म्हणजे मिनिटाला १५००. भागिले ७७.९२, उत्तर १९.२५. चित्रं काही सव्वाएकोणीस काढता येत नाहीत. १९ चित्रं घेतली तर वेग ७८.९५ हवा, म्हणजे टर्नटेबलचा पिच (वेग बारीक कमीजास्त करण्याची सोय) १.३ टक्के वर. २० घेतली तर वेग ७५. बहुतेक टर्नटेबलना १.३ टक्के सहज जमतं, म्हणून १९. वेग जुळला नाही तर दादा नाचता नाचता हळूहळू बाजूला सरकत जातात. पिच बारीक फिरवत सरकणं थांबवायचं, आकड्यावर विसंबू नये. पिच चढवल्यावर गाणंही सुमारे २३ सेंट चढतं, त्यामुळे या शॉटचा ध्वनी वेगळा लावायचा.

चकती: ३० सेंटिमीटर व्यास, ३०० जीएसएमचा मॅट कागद. चित्रं केंद्रापासून १३ सेंटिमीटरवर, तिथला परीघ ८१.७, म्हणून एका चित्राला ४.३ सेंटिमीटर रुंदी. मधलं भोक ७.२ मिलिमीटर. पहिल्या चकतीचं भोक ८ झालं आणि दादा फेरीगणिक वरखाली डोलू लागले. ग्लॉसी कागदावर दिव्याचा पट्टा पडतो, तोही बाद.

शटर: नेहमीच्या १/५० वर चित्र साडेनऊ अंश पुसट होतं, म्हणजे स्वतःच्या निम्म्या रुंदीएवढं. नुसता धूर. १/१००० वर अर्ध्या अंशाच्या आत येतं. पण मग प्रकाश २० पट लागतो. दोन मोठे एलईडी अडीच फुटांवर आणले तेव्हा जमलं.

एलईडीनेच दोन दिवस खाल्ले. स्वस्त पॅनेल घरगुती विजेवर सेकंदाला १०० वेळा लुकलुकतं. १/५० शटरला ते कळत नाही, १/१००० ला उजेड सारखा राहत नाही आणि आडवे पट्टे सरकतात. बॅटरीवरचे, फ्लिकर-फ्री म्हणून तपासलेले दिवे आणल्यावर पट्टे गेले. तपासायची सोपी युक्ती: मोबाइलच्या स्लो मोशनमध्ये पांढरी भिंत चित्रित करून बघावी.

१९ पवित्रे काढताना एक चूक झाली होती, सगळे हात-पाय ताणलेले. दादांच्या नाचाचा जीव खांद्याच्या आणि कमरेच्या छोट्या झोक्यात आहे, पावलं जेमतेम हलतात. उड्या काढून टाकल्या. आता पाच चित्रांत डावा खांदा, पाच उजवा, मधल्या नऊ चित्रांत फक्त वजन एका पायावरून दुसऱ्यावर. लगेच ओळखू येतात.

१७ जुलै
टेलिफोन. रंगूनच्या गाण्यात (शमशाद बेगम आणि चितळकर) फोनवरचं बोलणं हाच गाण्याचा साचा आहे. म्हणून प्रत्येक जाणकार मुलाखतीत काळा बेकलाइटचा फोन उचलून बोलतो. फोन मूळ गाण्यातून आला आहे, त्यामुळे ३ जूनच्या नियमात बसतो.

घंटी खरी वाजवायची तर सुमारे ७५ व्होल्ट एसी, २५ हर्ट्झ लागतं. बॅटरी जोडून ती वाजत नाही. छोटा रिंग जनरेटर जोडला, वायर पूर्ण झाकल्या, फोन उचलण्याआधी पुरवठा बंद. लय आपल्याकडची ठेवायची: ०.४ सेकंद घंटी, ०.२ थांबा, ०.४ घंटी, २ सेकंद शांतता. परदेशी चित्रपटातली एकच लांब घंटी लावली तर कान लगेच 'हे आपलं नाही' म्हणतो. रिसीव्हर त्या दोन सेकंदांच्या शांततेतच उचलायचा, नाहीतर पितळेचा नाद पहिल्या शब्दावर चढतो.

बोलण्याचा आवाज पहिल्या वाक्यापुरता ३०० ते ३४०० हर्ट्झमध्ये कापायचा, मग मोकळा. अख्खी मुलाखत फोनच्या आवाजात ठेवली तर दुसऱ्या मिनिटाला माणूस चॅनल बदलतो.

२६ आणि २७ जुलै
एका माइकवर बँड. अण्णांच्या पाश्चात्त्य वळणाच्या गाण्यांमागे गोव्याचे वादक आणि अरेंजर आहेत, ते पडद्यावर आणण्यासाठीच ही बैठक. संगीतकाराने पेटीवर चाल गाऊन दाखवायची, गोवेकर अरेंजरने ती स्टाफ नोटेशनमध्ये उतरवून प्रत्येक वाद्याचा कागद वेगळा करायचा, अशी त्या काळची सिटिंग. पोर्तुगीज अमलातल्या चर्चच्या शाळांतून मुलांना सुरांचं वाचन शिकवलं जाई, त्यामुळे हे वादक कागद समोर ठेवला की वाजवत. हळदोण्याचे आंतोनियो झेवियर वाझ, म्हणजे चिक चॉकलेट, ट्रम्पेटवाले. 'अलबेला'त ते बँडसकट पडद्यावर दिसतात. बहुतेक प्रेक्षकांनी त्यांना पाहिलेलं आहे, नाव माहीत नाही.

'अलबेला'मधल्या 'शोला जो भडके'साठी बोंगो, ओबो, ट्रम्पेट, क्लॅरिनेट, सॅक्सोफोन, शिवाय गिटार आणि डबल बास. मिक्सर नाही, मधोमध एक रिबन माइक. हा माइक समोरून आणि मागून सारखाच ऐकतो, दोन्ही कानशिलांना बहिरा. त्यामुळे आवाजाचं मिश्रण म्हणजे माणसं कुठे उभी करायची एवढंच.

शेवटी ठरलेली जागा: गायक समोर १ फूट. मागच्या तोंडाला गिटार ३ फूट, ओबो आणि क्लॅरिनेट ४, बोंगो आणि बास ५, सॅक्स ६. ट्रम्पेट १४ फुटांवर, जवळपास माइकच्या कानशिलाच्या रेषेत, भोंगा भिंतीकडे.

काय बिघडलं: पहिल्या मॉनिटरला (टेकच्या आधीच्या तालमीला) ट्रम्पेट समोर ७ फुटांवर होता, बाकी कुणी ऐकूच आलं नाही. अंतर दुप्पट केलं की ६ डेसिबल उतरतात हे मोकळ्या मैदानात खरं. खोलीत दहा-बारा फुटांनंतर थेट आवाज कमी होतो पण घुमणारा तसाच राहतो, ट्रम्पेट विहिरीत गेल्यासारखा वाटतो. म्हणून अंतर वाढवत बसण्यापेक्षा बहिऱ्या बाजूला सरकवणं बरं. शिवाय जोराची फुंक रिबनच्या पातळ पट्टीला ताणते, तो धोकाही टळला. १४ फुटांचा आवाज माइकपर्यंत यायला १२ मिलिसेकंद लागतात, वादकाला केसभर आधी उचलावं लागतं. तिसऱ्या टेकला हात बसला.

बोंगोखाली गोधडी आणि वर पत्र्याचं छप्पर. पाऊस आला की थांबायचं. २६ला चार तासांत दोनच टेक मिळाले, २७ला सकाळी सात ते दहा सलग काम झालं.

कॅमेरा इथे एकच गोष्ट करतो: ट्रम्पेटवाल्याच्या पाठीशी उभा राहून, प्रत्येक मॉनिटरनंतर तो खुर्ची उचलून आणखी मागे-बाजूला जाताना दाखवतो. चौथ्यांदा तो खुर्ची उचलतो तेव्हा हसू येतं, आणि तोवर प्रेक्षकाला एका माइकचं गणित न सांगता कळलेलं असतं.

४ ऑगस्ट
हजेरीपट. संगीतकार म्हणून सी. रामचंद्र, गायक म्हणून चितळकर, 'सुखी जीवन' (१९४२) सारख्या सुरुवातीच्या चित्रपटांत राम चितळकर, काही ठिकाणी अण्णासाहेब, एके ठिकाणी श्यामू. कारकून मस्टर उघडून नावं पुकारतो, एकच नट पाच खुर्च्यांवरून 'हजर' म्हणतो. अण्णांची नक्कल नको, फक्त पाच टोप्या आणि पाच पट्ट्यांतला 'हजर'.

कॅमेरा तिकाटण्यावर घट्ट, फोकस, एक्स्पोजर, व्हाइट बॅलन्स सगळं हाताने बंद. खुर्च्यांत अडीच फूट अंतर. खिडकीचं ऊन वीस मिनिटांत सरकलं आणि तिसऱ्या-चौथ्या खुर्चीच्या मधली शिवण दिसायला लागली. खिडकी काळ्या कापडाने बंद करून पाचही फेऱ्या पुन्हा घेतल्या. शेजारच्या खुर्चीवर सावली पडली तरी शिवण फसते, म्हणून मुख्य दिवा उंच आणि समोरून. उत्तरांच्या मधला वेळ कारकुनाच्या आवाजाच्या ट्रॅकवर आधी पक्का केला, नट तो कानातल्या इअरपीसवर ऐकत होता.

पाचवं 'हजर' नट म्हणत नाही. तिथे तबकडीवरचा चितळकरांचा खरा आवाज येतो.

१९ ऑगस्ट
रफ कट ६७ मिनिटं.

जुन्या चित्रपटांची चौकट १.३७:१. आपल्या १९२० बाय १०८० मध्ये ती १४८० पिक्सेल रुंद बसते, दोन्ही बाजूंना २२० पिक्सेल काळे. ताणून भरायचं नाही, माणसं बुटकी आणि जाड दिसतात. वरखाली कापायचंही नाही, नाचात पाय जातात. त्या काळ्या पट्ट्यांत वाद्यांची कागदी कात्रणं ठेवली: क्लॅरिनेट वाजला की क्लॅरिनेट डोकावतो.

पहिल्या आवृत्तीत दर चार सेकंदांना काहीतरी डोकावत होतं. पाहणाऱ्यांची नजर बाजूलाच राहिली, गाणं कुणी ऐकलं नाही. आता कात्रण फक्त वाद्याच्या पहिल्या प्रवेशाला, १२ फ्रेम आत, २ सेकंद थांबून बाहेर. 'शोला'त एकूण पाच. सुरावर येण्याआधी दोन फ्रेम कात्रण आलं पाहिजे, बरोबर सुरावर आलं तर डोळ्याला उशीर वाटतो.

'ईना मीना डीका'त मात्र एकही कात्रण नाही. तिथे शब्दच वाद्य आहेत: क, च, प ही आघाताची अक्षरं तालावर पडतात. मुलांच्या खेळातल्या 'ईनी मीनी'वरून हे सुचलं आणि गोवेकर सहायकाने त्यात भर घातली, अशी गोष्ट सांगितली जाते. 'मका नाका' ही सरळ कोकणी आहे, 'मला नको'. किशोरकुमार आणि आशाबाई, दोघांच्या आवृत्त्या आहेत. चार-चार ओळी आलटून पालटून लावल्या, काळ्या पडद्यावर फक्त अक्षरं. 'मका नाका' आलं की खाली मराठीत 'मला नको', बस्स.

'नवरंग'मधली होळी जशी आहे तशीच, ७० सेकंद सलग. संध्याबाई एकाच देहाने पुरुष आणि स्त्री दोन्ही नाचतात, त्यावर आपण काही करणं म्हणजे आगाऊपणा.

३० ऑगस्ट
'ऐ मेरे वतन के लोगो': २७ जानेवारी १९६३, दिल्लीचं नॅशनल स्टेडियम, लताबाई, प्रदीप यांचे शब्द, समोर पंडित नेहरू. हे गाणं खेळकर माहितीपटात कुठे ठेवायचं यावर सगळ्यात जास्त वेळ गेला. शेवटी ठेवलं तर आधीची सगळी गंमत ही केवळ प्रस्तावना वाटते, आणि ते अण्णांवर अन्यायाचं आहे. अण्णा 'देशभक्तीच्या गाण्याचे संगीतकार' म्हणून लक्षात राहतात आणि 'शोला'ची चाल बांधणारा माणूस मागे पडतो, हे आधीच पुष्कळ झालं आहे.

म्हणून ते तिसऱ्या तुकड्याच्या मध्यावर. फोन वाजतो, कुणी उचलत नाही, दोन सेकंदांची शांतता, गाणं. ५५ सेकंद, ना कात्रण ना निवेदन. त्यानंतर ब्रेक नको. जाहिरात तिथे येऊ नये म्हणून तुकडा साडेतीन मिनिटं पुढे वाढवला. नंतर 'घरकुल'मधलं 'पप्पा सांगा कुणाचे' येतं. घरातल्या तिघांचं लाडिक भांडण ऐकू आलं की श्वास मोकळा होतो. परवानगी ३० सेकंदांची मिळाली, २८ वापरले.

९ सप्टेंबर
संकलन लॉक, म्हणजे पक्कं: ५१ मिनिटं ४० सेकंद. मिक्स −२३ एलयूएफएस (कानाला जाणवणाऱ्या सरासरी मोठेपणाचं माप). ७८च्या गाण्यांत चढउतार कमी, त्यामुळे आकड्याने सारखी केलेली गाणी मुलाखतीपेक्षा मोठी वाटतात. गाणी २ डेसिबल खाली आणली. मोनो मधोमध ठेवलं, खोटं स्टिरिओ केलं की गायकाचा आवाज पातळ होतो. तबकडीची खरखर गाणं सुरू होण्याच्या अर्धा सेकंद आधी उघडायची आणि संपल्यावर सेकंदभर राहू द्यायची, एकदम कापली तर जिना चुकल्यासारखं वाटतं.

१५ सप्टेंबर
श्रेयनामावली. त्या काळच्या श्रेयपाट्यांत अरेंजर आणि वादक क्वचितच येत. आपल्या पाटीत त्यांचा गट दिग्दर्शकाच्या आधी, एकट्याने पूर्ण ६ सेकंद. चिक चॉकलेट हे नाव मोठ्या अक्षरात, खाली आंतोनियो झेवियर वाझ, त्याखाली हळदोणे. २७ जुलैच्या बैठकीतले सातही वादक आणि गायक, वाद्याच्या नावासकट.

रोलचा वेग फ्रेमला पूर्ण पिक्सेलमध्येच, ३ पिक्सेल. पहिल्या निर्यातीत २.६ होता, मात्रा आणि अनुस्वार थरथरत होते. 'ळ'ची गाठ फॉन्टमध्ये बारीक असल्याने टीव्हीवर तुटत होती, एक वजन जाड घेतलं. 'चितळकर' आता नीट वाचता येतं, पाचही ठिकाणी.